रंगमंचावरचं अभिजात नाटक सुरुवातीच्या टीव्हीवर कसं आलं: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

नाट्यशास्त्राचे विद्यार्थी, हौशी दिग्दर्शक आणि जुन्या टीव्हीबद्दल कुतूहल असलेले वाचक हे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारतात. उत्तरं मुख्यतः ब्रिटन आणि अमेरिकेतल्या थेट प्रक्षेपणाच्या काळातली आहेत, कारण रूपांतराची रीत प्रामुख्याने तिथे घडत गेली.

‘सुरुवातीचा टीव्ही’ म्हणजे नेमका कोणता काळ?

साधारण १९२८ ते १९५६. शेवटची सीमा व्हिडिओटेपमुळे पडते. अमेरिकेत सीबीएस या टीव्ही कंपनीने ३० नोव्हेंबर १९५६ रोजी पहिल्यांदा टेपवरून कार्यक्रम दाखवला. त्याआधी टीव्हीवरचं नाटक म्हणजे स्टुडिओत त्या क्षणी चाललेला प्रयोग. टेप आल्यावरही ती महाग होती आणि कापायला किचकट, म्हणून सलग प्रयोग करण्याची सवय पुढे काही वर्षं टिकली.

टीव्हीवरचं पहिलं नाटक कोणतं?

११ सप्टेंबर १९२८ रोजी अमेरिकेतल्या स्केनेक्टडी इथून जनरल इलेक्ट्रिकच्या केंद्राने ‘द क्वीन्स मेसेंजर’ ही हार्टली मॅनर्स यांची जुनी एकांकिका दाखवली. चित्र जेमतेम तळहाताएवढं. त्यात एक अख्खा माणूस मावला असता, पण ओळखू आला नसता. म्हणून एक कॅमेरा एका नटाच्या चेहऱ्यावर, दुसरा नटीच्या चेहऱ्यावर आणि तिसरा हातांवर व वस्तूंवर ठेवला. हातांसाठी वेगळी दोन माणसं होती. म्हणजे दोन पात्रांच्या नाटकात काम करणारे चौघे. रूपांतराचा सगळा पेच मला या पहिल्याच प्रयोगात दिसतो. रंगमंचावर नट पूर्ण देहाने उभा असतो आणि कुठे पाहायचं ते प्रेक्षक ठरवतो. टीव्हीवर ते आधी कुणीतरी ठरवलेलं असतं.

ब्रिटनमधला पहिला प्रयोग १४ जुलै १९३० चा. टीव्हीचे आद्य संशोधक बेअर्ड यांच्या लंडनमधल्या स्टुडिओतून इटालियन नाटककार पिरांदेल्लो यांची ‘द मॅन विथ द फ्लॉवर इन हिज माउथ’ ही एकांकिका झाली. चित्र फक्त ३० रेषांनी बनलेलं, म्हणून ढोबळ, उभट, सेकंदाला साडेबारा चौकटींचं. कॅमेरा हलत नसे, म्हणून एका पात्रावरून दुसऱ्यावर जाताना मध्ये एक फळी सरकवत आणि तिच्याआड नट जागा बदलत. निवड मात्र नेमकी होती: मोजकी पात्रं, बसून चाललेलं बोलणं आणि सगळा जीव शब्दांत.

टीव्हीने नवं लिहून घेण्याऐवजी जुनी नाटकंच का उचलली?

संहिता तयार होती, नटांची पाठ होती आणि बंद खोलीत घडणारी नाटकं छोट्या स्टुडिओत बसत होती. लंडनमधल्या अलेक्झांड्रा पॅलेसमधून बीबीसीने २ नोव्हेंबर १९३६ रोजी नियमित सेवा सुरू केली, तेव्हा स्टुडिओची जागा ७० फूट लांब आणि ३० फूट रुंद होती. त्यातच सेट, कॅमेरे, दिवे आणि माणसं.

दुसरं कारण हक्कांचं. अमेरिकेत लोकप्रिय नाटकांचे चित्रपटहक्क स्टुडिओंनी घेऊन ठेवले होते आणि ते टीव्हीला आडवे येत. ब्रिटनमध्ये नाटकमंडळींच्या मालकांना तिकीटखिडकीची धास्ती होती. शेक्सपिअर किंवा जुने युरोपीय नाटककार घेतले की यातला बराच त्रास टळे. नव्या माध्यमाला प्रतिष्ठाही हवी होती, ती या नावांनी आपसूक मिळे.

मग थेट नाट्यगृहातच कॅमेरे का नेले नाहीत?

नेले होते. १६ नोव्हेंबर १९३८ रोजी लंडनच्या सेंट मार्टिन्स थिएटरमधून प्रीस्टली यांचं ‘व्हेन वी आर मॅरीड’ हे विनोदी नाटक दाखवलं गेलं आणि पुढच्या जानेवारीत फिनिक्स थिएटरमधून ‘ट्वेल्फ्थ नाइट’. घरबसल्या नाट्यगृहातला माहोल मिळाला हे खरं. पण नट शेवटच्या रांगेसाठी आवाज लावत होते आणि टीव्हीसमोरचा प्रेक्षक तर काही हातांवर बसला होता. शेवटच्या रांगेला पोचणारी भुवई जवळून पाहिली की ती आरडाओरड वाटते. असे प्रयोग नंतरही होत राहिले, पण रूपांतराची कला वाढली ती स्टुडिओतच.

अडीच-तीन तासांचं नाटक तासाभरात बसवताना काय कापायचे?

हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो, म्हणून थोडं सविस्तर.

सगळीकडे तासाभराचीच मर्यादा होती असं नाही. ‘क्राफ्ट टेलिव्हिजन थिएटर’ मे १९४७ मध्ये सुरू झालं आणि अमेरिकेत आठवड्याला एका तासाचं नाटक ही चाल रुळली. जाहिराती वजा जाता हाती पन्नासेक मिनिटं उरत. बीबीसीला जाहिराती नव्हत्या, त्यामुळे तिथे लांबी नाटकागणिक ठरे. कारेल चापेक यांचं ‘आर. यू. आर.’ फेब्रुवारी १९३८ मध्ये अवघ्या ३५ मिनिटांत उरकलं. त्याच वर्षी डॅलस बोवर यांनी ‘ज्युलियस सीझर’ आधुनिक पोशाखात केलं आणि त्याला भरपूर वेळ दिला. डिसेंबर १९४७ मध्ये ‘हॅम्लेट’ दोन भागांत, दोन वेगळ्या दिवशी झालं.

कात्री लावताना पहिला बळी जायचा तो ऐकीव हकिकतींचा. जुन्या नाटकांचा पहिला अंक बहुधा नोकरचाकरांच्या गप्पांनी उघडतो: मालक कोण, कर्ज कुणाचं, पाहुणे कधी येणार. उशिरा येऊन खुर्ची शोधणाऱ्या प्रेक्षकांसाठी ती पानं लिहिलेली असत. टीव्हीवर पहिल्या अर्ध्या मिनिटात एक टेबल, त्यावरची न फोडलेली पत्रं आणि त्यांच्याकडे न बघता जाणारी बाई दाखवली की तीन पानं वाचतात. त्यानंतर जातं स्थळाचं आणि हवेचं वर्णन, मग उपकथानक, मग ज्यांचं काम दुसऱ्या पात्राला देता येईल अशी पात्रं.

खरी चूक होते ती पेरणीची वाक्यं कापताना. दुसऱ्या अंकात सहज उच्चारलेलं एखादं वाक्य चौथ्या अंकात उगवणार असतं. सुटं वाचताना ते फालतू वाटतं. म्हणून जाणकार रूपांतरकार शेवटापासून मागे वाचत येत आणि शेवटच्या प्रवेशाला कशाकशाची गरज आहे, याच्या खुणा करत येत. खुणा नसलेला मजकूर तेवढा कात्रीसाठी मोकळा.

पद्यनाटकात अख्खा प्रवेश काढावा की ओळी विरळ कराव्यात, यावर मतभेद आहेत. माझं मत अख्ख्या प्रवेशाच्या बाजूने आहे. भाषणातून दर तिसरी ओळ उपटली की अर्थ कसाबसा राहतो, पण श्वास तुटतो, आणि नटाला ते लगेच कळतं.

कॅमेरा स्क्रिप्ट म्हणजे काय? ती नाटकाच्या संहितेहून वेगळी कशी?

पान उभं दुभागलेलं असे. उजवीकडे संवाद आणि आवाजाच्या सूचना, डावीकडे शॉटचे क्रमांक: कुठला कॅमेरा, कुणावर, किती जवळून. प्रत्येक कॅमेरामनला त्याच्या शॉटपुरती वेगळी यादी मिळे.

डावीकडचा रकाना भरताना रूपांतरकाराला आणि दिग्दर्शकाला यंत्रांची अडचण पाठ असावी लागे. युद्धानंतरच्या कॅमेऱ्यांवर फिरत्या चकतीत चार भिंगं असत. प्रक्षेपण चालू असताना भिंग बदललं तर ते प्रेक्षकाला दिसणार, म्हणून त्या कॅमेऱ्याला मध्ये काही सेकंदांची सुट्टी द्यावी लागे, आणि ती सुट्टी म्हणजे दुसऱ्या कुणाचं तरी वाक्य. जाड केबल जमिनीवरून फिरत. दोन नंबरचा कॅमेरा तीन नंबरच्या मागून गेला की गुंता झालाच. आधीच्या काळात, अलेक्झांड्रा पॅलेसच्या पहिल्या वर्षांत, एका कॅमेऱ्यावरून दुसऱ्यावर झटकन जाताच येत नव्हतं. एक चित्र विरत दुसरं उमटायला काही सेकंद लागत. खटकेबाज सवाल-जवाब असलेलं नाटक तेव्हा निवडणं म्हणजे नाटकाचा जीव घेणं, त्यामुळे दोघांना एकाच चौकटीत उभं करण्याची सवय लागली.

एकच नट एका प्रवेशातून लगेच दुसऱ्या स्थळी कसा पोचायचा?

धावत. पायांत मऊ तळव्याचे जोडे, वाटेत पोशाखाला हात लावणारी माणसं आणि पुढच्या सेटच्या दारात थांबून एक श्वास.

या धावण्यासाठी वेळ लिहावा लागे, आणि हे काम रूपांतरकाराचं होतं. रंगमंचावर अंक संपला की पडदा पडतो. टीव्हीवर नायक दिवाणखान्यातून निघून दुसऱ्या क्षणी बागेत हवा असेल, तर मध्ये बागेत वाट पाहणाऱ्या पात्राला चार वाक्यं द्यायची किंवा दिवाणखान्यात मागे राहिलेल्या माणसावर कॅमेरा रेंगाळू द्यायचा. अशी जोडवाक्यं भरताड वाटण्याचा धोका मोठा. चांगला रूपांतरकार नाटककाराचंच दुसरीकडून कापलेलं वाक्य इथे आणून बसवतो.

दुसरा मार्ग आधी चित्रित केलेल्या फिल्मच्या तुकड्यांचा. नोव्हेंबर १९३७ मध्ये जॉर्ज मोर ओ’फेरल यांनी आर. सी. शेरिफ यांचं ‘जर्नीज एंड’ केलं. पहिल्या महायुद्धावरचं ते नाटक एका खंदकातल्या खोलीतच घडतं, त्यामुळे स्टुडिओला सोयीचं होतं. बाहेरची लढाई दाखवायला ‘वेस्टफ्रंट १९१८’ या जर्मन चित्रपटातले तुकडे वापरले. लढाई दिसली हे बरं झालं की वाईट, यावर वाद घालता येईल. नाटकात ती फक्त ऐकू येते, आणि खोलीत बसलेल्या माणसांची भीती त्यातूनच वाढते.

एखादा प्रवेश प्रत्यक्ष घेऊन दाखवाल का?

इब्सेन यांचं ‘अ डॉल्स हाउस’ घेऊ. १८७९ चं नाटक, एकच खोली, पात्रं मोजकी. मराठी वाचकांना ते अनंत काणेकरांच्या ‘घरकुल’मधूनही ओळखीचं असेल.

दुसऱ्या अंकात, नायिका नोराला कर्ज दिलेला क्रॉग्स्टाड पत्र लिहून आणतो. त्या कर्जासाठी नोराने केलेल्या खोट्या सहीची सगळी हकिकत त्यात आहे. तो बाहेर जातो, नोरा दार किंचित उघडून कानोसा घेते आणि पत्र पेटीत पडतं. पेटीला कुलूप आहे आणि किल्ली नवऱ्याकडे, हेल्मरकडे. रंगमंचावर ही पेटी मागे, दाराशी. प्रेक्षकांची नजर तिच्याकडे जाते ती नोरा वळून पाहते म्हणून. टीव्हीवर पहिला मोह होतो पत्र पडताना जवळून दाखवण्याचा. मी तिथे नोराचा चेहरा ठेवेन आणि पत्र पडल्याचा आवाज बाहेरून येऊ देईन. पेटी दाखवायची ती नंतर, एकदाच, तिच्या खांद्यावरून. त्यानंतर ती नवऱ्याला अडवायला वेड्यासारखी नाचते, तेव्हा पेटी चौकटीत नसली तरी प्रत्येकाला ठाऊक असते.

तिसऱ्या अंकात हेल्मर पेटी उघडतो आणि कुलपापाशी त्याला एक मोडलेली केसातली पिन सापडते. पिन नोराची. ती म्हणते, मुलांनी केलं असेल. रूपांतरात इथे हमखास एक घात होतो: नोरा रात्री पिनेने कुलूप उघडायचा प्रयत्न करते, असा मूक प्रवेश कुणीतरी जोडतं. कॅमेरा कुठेही जाऊ शकतो ना, मग दाखवू या. पण इब्सेनने तो प्रयत्न मुद्दाम आपल्यापासून लपवला आहे. त्याच्या हातातली पिन पाहूनच ती किती हताश झाली होती, हे आपल्याला कळतं, आणि त्याच क्षणी ती खोटं बोलते. पिन जवळून, मग तिचा चेहरा, आणि तो पेटी पुन्हा बंद करून पुढे बोलत असतानाही तिचाच चेहरा. तीन शॉट पुरतात.

शेवटी ती त्याला समोर बसवते आणि लग्नाचा हिशेब मांडते. लांबलचक बोलणं, हालचाल जवळपास नाही. रंगमंचावर हा प्रवेश नेटाने पेलावा लागतो, छोट्या पडद्यासाठी मात्र जणू तो लिहूनच ठेवला होता. बोलणाऱ्यावर कॅमेरा ही सवय इथे मोडावी. ती बोलते तेव्हा हेल्मरचं ऐकणं जास्त मोलाचं आहे, निदान अर्ध्या वेळेला. ती घर सोडून जाते आणि दार आपटल्याचा आवाज येतो तेव्हा ते दार दाखवायचं नाही. आवाजासाठी स्टुडिओच्या कोपऱ्यात चौकटीत बसवलेलं एक सुटं जड दार ठेवलं की झालं.

स्वगतांचं काय करायचं?

दोन वाटा होत्या. नट ओठ मिटून उभा आणि त्याचा आधी मुद्रित केलेला आवाज वर, किंवा नट सरळ बोलतो. मुद्रित आवाजाने मन ऐकू येतं, पण नटाला त्या आवाजाच्या वेगाशी चेहरा जुळवत राहावं लागतं आणि विचार घडताना दिसत नाही. खलनायकाने कॅमेऱ्यात पाहून प्रेक्षकाला कटात सामील करून घेणं मात्र टीव्हीवर रंगमंचाहून जास्त बोचतं, कारण तो एका घरातल्या दोन-चार माणसांशीच बोलत असतो. कॅमेऱ्यात पाहण्याची मुभा नाटकभर एकाच पात्राला द्यावी.

रंगभूमीच्या नटांना काय बदलावं लागलं?

आवाज खाली आला आणि अंतर कमी झालं. रंगमंचावर दोघं भांडताना सात-आठ फुटांवरून भांडतात. छोट्या पडद्यावर तेवढ्या अंतराने दोघांच्या मध्ये नुसती भिंत दिसते. म्हणून नटांना एकमेकांच्या श्वासाइतकं जवळ, एक थोडा पुढे आणि एक मागे असं उभं करत. हे अवघडलेपण तालमीतच मोडावं लागे. बीबीसीच्या तालमी स्टुडिओबाहेर, भाड्याच्या सभागृहांत दोन-तीन आठवडे चालत. जमिनीवर रंगीत पट्ट्या चिकटवून भिंती आणि दारं आखलेली. खरे कॅमेरे अगदी शेवटी, एखाद-दोन दिवसच मिळत. पट्टीवरून पाय गेला म्हणजे भिंतीतून गेलास, असं सांगत सांगत सेट अंगात मुरवला जाई.

डोक्यावर लांब दांड्याचा बूम माइक असे आणि त्याची सावली नटाच्या कपाळावर पडू नये म्हणून वळण्याची बाजूही ठरलेली असे.

रंगभूषा, वेशभूषा, नेपथ्य?

३० रेषांच्या काळात चेहरा पांढरा रंगवून नाक, डोळे, ओठ निळ्या-काळ्या रेषांनी काढत, नाहीतर चेहरा उमटतच नसे. पुढच्या कॅमेऱ्यांना शुभ्र पांढरं सोसत नव्हतं. चकाकत्या वस्तूभोवती काळं वलय येई, म्हणून पांढऱ्या सदऱ्याऐवजी फिकट निळा किंवा पिवळा देत. दिव्यांच्या उष्णतेने घाम फुटे आणि भरजरी ऐतिहासिक पोशाखात तो लपत नसे. नेपथ्याबाबत अल्बर्ट मॅक्लीअरी यांनी अमेरिकेत १९५० च्या सुमारास ‘कॅमिओ थिएटर’मध्ये भिंतीच काढून टाकल्या: काळी पार्श्वभूमी, चार वस्तू आणि जवळून टिपलेले चेहरे. अभिजात नाटकाला हे फार शोभतं.

विनोदी नाटकात हशा नसेल तर पॉज कुठे घ्यायचा?

घ्यायचाच नाही. नाट्यगृहात नट हशा विरेपर्यंत थांबतो. शांत स्टुडिओत तोच थांबा संवाद विसरल्यासारखा दिसतो. प्रहसनं टीव्हीवर पडत ती बहुधा याच कारणाने. रूपांतरात हशाच्या जागी ऐकणाऱ्या पात्राची एखादी प्रतिक्रिया लिहून ठेवावी, म्हणजे लय सुटत नाही.

नट संवाद विसरला तर?

बीबीसीत प्रॉम्प्ट देणाऱ्याजवळ एक कळ असे. ती दाबली की प्रक्षेपणातला आवाज क्षणभर बंद होई, तेवढ्यात वाक्य सांगायचं आणि कळ सोडायची. घरी बसलेल्या प्रेक्षकाला वाटे, संचातच काही बिघडलं.

नाटक वेळेत संपलं नाही तर?

अमेरिकेत ही जिवावरची गोष्ट होती, कारण पुढच्या कार्यक्रमाची वेळ विकलेली असे. म्हणून शेवटच्या अंकात गाळता येतील अशा ओळी आधीच खुणा करून ठेवत. प्रयोग मागे पडत असेल तर त्या गाळायला फ्लोअर मॅनेजर, म्हणजे स्टुडिओत नटांजवळ उभा असलेला व्यवस्थापक, हाताने खुणावे. अशा ओळी निवडताना त्यांच्यावर कॅमेऱ्याचा एकही बदल टांगलेला नाही ना, हे बघायचं. ओळ गेली आणि तिच्यावरचा शॉट राहिला तर कॅमेरा रिकाम्या खुर्चीवर जातो.

ही नाटकं आज पाहता येतात का? आणि नसतील तर अभ्यास कशावर करायचा?

युद्धापूर्वीचं बीबीसीचं एकही नाटक चित्रमुद्रित झालेलं नाही. सेवा १ सप्टेंबर १९३९ रोजी बंद पडली आणि ७ जून १९४६ ला पुन्हा सुरू झाली. त्यानंतरही बरीच वर्षं रविवारचं नाटक गुरुवारी ‘पुन्हा’ दाखवायचं म्हणजे सगळ्यांनी पुन्हा येऊन पुन्हा करायचं. पडद्यावरचं चित्र फिल्मवर उतरवण्याची सोय १९४७ मध्ये आली, पण नटसंघटनेला तिची धास्ती होती, कारण मुद्रण वापरलं की दुसऱ्या प्रयोगाचं मानधन बुडण्याची भीती. रुडॉल्फ कार्टिअर यांनी १९५३ मध्ये केलेलं ‘इट इज मिडनाइट, डॉ. श्वाइट्झर’ हे टिकलेल्या सर्वांत जुन्या नाटकांपैकी एक आहे, आणि तेही मूळ फ्रेंच रंगमंचीय नाटक.

अमेरिकेत परिस्थिती बरी. सप्टेंबर १९५१ पर्यंत दोन्ही किनारे जोडलेले नव्हते, म्हणून पश्चिमेकडे पाठवायला किनिस्कोप, म्हणजे पडद्यावरचं चित्र टिपलेल्या फिल्म, करावेच लागत. न्यूयॉर्कचं पेली सेंटर आणि लॉस एंजलिसमधलं यूसीएलएचं संग्रहालय इथे ते जतन केले आहेत. मॉरिस इव्हान्स यांचं एप्रिल १९५३ मधलं दोन तासांचं ‘हॅम्लेट’ मात्र किनारे जोडले गेल्यानंतरचं.

चित्रफीत नसेल तर कागद बघा. रेडिंगजवळच्या कॅव्हरशॅममध्ये बीबीसीचं लिखित अभिलेखागार आहे. संहिता, पत्रव्यवहार, सेटचे आराखडे अशी सामग्री तिथे मिळते. कॅमेरा स्क्रिप्ट मिळाली तर आधी डावा रकाना वाचा, छापील मूळ नाटक शेजारी ठेवा, आणि ज्या ठिकाणी बोलणारा एक आणि शॉट दुसऱ्याचा असेल तिथे खूण करत जा.